स्पर्धते आणि ईर्ष्यति

मुलांच्या आवडीचा १९३५ सालचा एक जुना व्यंगचित्रपट आहे. त्यांत पॉपाय व ब्लूटो हे दोन खेळवाले जत्रेंत शेजारींशेजारीं उभे राहून गर्दी आपल्याकडे खेंचूं पाहतात. एकाच्या करामतीवर दुसरा कडी करतो. अखेर करामती बाजूस राहून हातघाई जुंपते. मुलें पोट धरून हंसतात.

संस्कृतांत ‘स्पर्धते’ हें आत्मनेपदी, तर ‘ईर्ष्यति’ हें परस्मैपदी. व्याकरणाचें कारण कांहींही असो, मला त्यांत एक बोध दिसतो: स्पर्धेचें फल करणाराच्या पदरीं पडतें, ईर्ष्येची दृष्टि मात्र दुसऱ्यावरच खिळलेली असते.

१८७९ सालीं इटालियन खेळवाला कियारिनी आपली सर्कस घेऊन मुंबईस आला. असले खेळ उभे करण्यास हिंदी लोकांस अद्याप पुष्कळ वर्षें लागतील, असे उद्गार त्यानें काढल्याची आख्यायिका आहे. अश्वविद्येंत निपुण असलेल्या विष्णुपंत छत्र्यांना तें बोलणें झोंबलें. परंतु त्यांनीं कियारिनीचा तंबू पाडण्याचा विचार केला नाहीं. घोडे शिकविले, माणसें तयार केलीं आणि १८८० च्या मार्चमध्यें स्वतःचा खेळ उभा केला. पुढें तेलिचेरीच्या कीलेरी कुन्हिकण्णन यांनीं या सर्कशीशीं संबंध आल्यावर कसरतपटु घडविण्याचें कार्य हातीं घेतलें, आणि केरळांत सर्कशीची मोठी परंपरा निर्माण झाली.

विष्णुपंत ग्वाल्हेरीस हद्दूखांपाशीं गाणेंही शिकले होते. गुरुपुत्र रहिमतखां विपन्नावस्थेंत भटकत असतां त्यांनीं त्यांना आपल्याजवळ आणून सर्कशीबरोबर सांभाळिलें. ज्याच्या मनांत ईर्ष्येचें घर असतें, त्याला दुसऱ्याच्या गुणासाठीं अशी जागा सांपडत नाहीं.

आमच्या नागपुरांतल्या एकत्र कुटुंबांतही चुलतभावंडांचीं प्रगतिपत्रकें एकाच बैठकींत वाचलीं जातात. “दादाकडे पहा जरा!” असें काका बोलून जातात. दादाकडून काय शिकावें, हें कोणी सांगत नाहीं. मग मागें पडलेलें मूल पुस्तक मिटतें आणि दादाचीं उणीं शोधूं लागतें. पुढें वाटणीच्या वेळीं भावाभावांत जें कडू येतें, त्याचें बीं पुष्कळदां येथेंच पडलेलें असतें.

तेव्हां पुढील खेपेस पत्रकें ज्याचीं त्याच्याशींच बोलून पहावींत. आणि संध्याकाळीं परवचा झाल्यावर दादानें धाकट्यास अर्धा तास गणित शिकवावें. दादाचें गणित पक्कें होईल, आणि धाकट्याला दादा आपला वाटेल.