म्हणे, आरव म्हणजे शांत!

भोसरी एमआयडीसीत वर्कशॉप चालवणाऱ्या एका गृहस्थांनी नातवाच्या बारशाच्या पत्रिकेवर नावाखाली अर्थही छापला : ‘आरव (संस्कृत) : शांत’. मी इतकेच म्हटले, की आपट्यांच्या कोशात आरव म्हणजे आवाज, आरडाओरडा. (तान्ह्या पोराला याहून समर्पक नाव नाही.) तर गृहस्थ उसळले. नावाचा अर्थ कोण बघतो? प्रेम बघावे. भाषा बदलते. कोशही माणसांनीच लिहिले. आणि जुने लोक पोरांना दगडू, केरबा म्हणत, तेव्हा त्यांनी कुठे कोश उघडले होते?

अर्थ कोणीच बघत नसेल, तर छपाईचा खर्च कशाला केलात?

कोश माणसांनी लिहिले, हे कबूल. पण कसे लिहिले? येरवड्याला डेक्कन कॉलेजात संस्कृतच्या महाकोशाचे काम 1948 साली सुरू झाले. ग्रंथ चाळून सुमारे एक कोटी चिठ्ठ्या झाल्या, खंडांमागून खंड निघाले, तरी ‘अ’ काही संपत नाही. ‘आरव’ची पाळी यायला अवकाश आहे. बारशाच्या याद्या जुळवणाऱ्यांचे मात्र अ ते ज्ञ उरकलेसुद्धा, आणि त्यात एकही वाईट अर्थाचा शब्द सापडला नाही!

आता दगडू. हा मुद्दा त्यांनी हुकमाच्या पानासारखा टाकला आणि तिथेच फसले. ज्या घरात लागोपाठ मुले दगावत, तिथे पुढच्याला दगडू, केरबा, भिकू म्हणत. दगडाला दृष्ट कोण लावणार? केर कोण उचलून नेणार? भिकू तर देवाकडे भीक मागून मिळालेला. त्या बायाबापड्यांना अर्थ माहीत नव्हता असे नाही. अर्थ चोख माहीत होता, म्हणूनच तर ही नावे! अर्थावर त्यांचा आपल्यापेक्षा जास्त विश्वास होता. त्याचीच काळी बाजू ‘नकोशी’. मुलगी नको होती म्हणून ते नाव. 2011 साली सातारा जिल्ह्यात अशा 285 मुलींची नावे बदलण्याचा समारंभ झाला. त्या मुलींना जाऊन सांगा, की अर्थ कोण बघतो.

भाषा बदलते? जरूर बदलते. पण म्हणून परक्या नावाची मुंज लावून त्याला संस्कृत करायचे? ‘मायरा’ हे नाव फुल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीने आपल्या कवितेसाठी घडवले. हा कवी 1628 साली वारला. आपल्याकडच्या याद्यांत तेच नाव ‘संस्कृत : लाडकी’ म्हणून नांदते आहे.

गावाच्या नावावरूनही मी पूर्वी भांडलो आहे. भोसरी म्हणजे भोजापूर, असे जुने लोक सांगतात. भोज म्हटले की मंडळी थेट धारच्या राजाकडे धावतात. जवळच मावळात बेडशाच्या लेण्यात महाभोजाच्या कन्येचा लेख कोरलेला आहे, तिकडे कोणी फिरकत नाही. त्या लेखाने भोजापूर सिद्ध होते, असे माझे म्हणणे नाही. पण शोधायचेच तर आधी घराजवळ बघावे. असो, ते भांडण मी हरलो, कारण समोरच्याचा आवाज मोठा होता.

आणि पत्रिकेवर अर्थ छापणारे हे गृहस्थ वर्कशॉपात मात्र टेस्ट सर्टिफिकेटशिवाय लोखंडाची सळई गेटच्या आत घेत नाहीत.

माझे मागणे फार नाही. नवे नाव घडवा, इटालियन घ्या, आजीला उच्चारता येईल एवढे पाहा. कोशात नसेल तर ‘आम्ही बनवले’ म्हणा. त्यात लाज कसली? आणि घाई तर मुळीच नको. जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते, पण ती नावाशिवायही होते. नाव पुढे वर्षभरात विनाशुल्क घालता येते. पत्रिका मात्र छापखान्यात जाण्याआधी थांबवावी लागते.