आमच्या स्त्रिया केवळ त्यागमूर्ती नव्हत्या

घाटकोपरच्या एका वस्तीस माता रमाबाई आंबेडकरांचे नाव आहे. 11 जुलै 1997 रोजी तेथे बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेविरुद्ध जमलेल्या लोकांवर गोळीबार होऊन 10 माणसे मारली गेली आणि हे नाव देशभर पोहोचले. परंतु रमाबाईंचे नाव घेताना आपणांस काय आठवते? गोवऱ्या, उपासमार, लेकरांचे मृत्यू! हे सारे खरे आहे व त्या त्यागापुढे मस्तक नम्र होते. मात्र चळवळीतील प्रत्येक स्त्रीस याच एका तसबिरीत बसविणे हा तिच्यावर अन्याय होय.

डिसेंबर 1927 मध्ये महाडास बाबासाहेबांनी स्त्रियांसमोर स्वतंत्र भाषण का केले? त्या निव्वळ श्रोत्या नसून परिवर्तनाच्या कर्त्या आहेत, हे ते जाणत होते म्हणून. 20 जुलै 1942 रोजी नागपूरच्या महिला परिषदेत सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्षस्थानी होत्या. फारकतीचा हक्क आणि बहुपत्नीत्वास बंदी, हे ठराव तेथे झाले. ज्या हिंदू कोड बिलाच्या प्रश्नावर बाबासाहेबांनी 1951 साली मंत्रिपद सोडले, त्यातील या दोन मागण्या आमच्या भगिनींनी नऊ वर्षे आधीच मांडल्या होत्या! पुढे 1964 च्या भूमिहीनांच्या सत्याग्रहात कित्येक जणी कडेवर मूल घेऊन तुरुंगात गेल्या.

तरीही हा इतिहास ग्रंथरूपाने यावयास 1989 साल उजाडावे लागले. ऊर्मिला पवार व मीनाक्षी मून यांनी या स्त्रियांना शोधून, त्यांना बोलते करून 'आम्हीही इतिहास घडवला' सिद्ध केला. फलटणच्या बेबीताई कांबळे यांना तर आपले लेखन वर्षानुवर्षे घरच्यांपासून लपवावे लागले. म्हणजे विस्मृतीचा दोष केवळ परक्यांचा नव्हे. तो आपल्याच उंबरठ्याच्या आत आहे.

नवदीक्षित बंधुभगिनींनो, ज्या धम्माचा आपण स्वीकार केला, त्याने थेरींची वचने त्यांच्या नावांनिशी 'थेरीगाथे'त जतन केली. तो वारसा आपण घरी चालविणार की नाही? अंधेरी, बोरिवली, मुलुंड येथील आपल्या घरांतील वृद्ध आईस, आजीस विचारा: कोणत्या सभेस गेलीस? काय बोललीस? तिचे नाव, गाव व साल वहीत टिपून ठेवा. आणि येत्या जयंतीस तिला स्वागतगीतापुरते न बोलाविता अध्यक्षस्थानी बसवा. ती हयात असतानाच हे व्हावयास हवे.