सोय कोणाची, गैरसोय कोणाची?

मनाई हुकमाला वस्तीतल्या बाया ‘स्टे’ म्हणतात. ‘जागेवर स्टे आलाय, ताई’ एवढं सांगितलं की पुढचं बोलणं खुंटतं. जणू पाऊसच लागला. उघडेपर्यंत थांबायचं, दुसरं काय! खाजगी मालक आणि नगरपालिका यांच्या जमिनीच्या भांडणात तात्पुरता म्हणून दिलेला हुकूम वर्षानुवर्षं मुरतो आणि त्याची झळ भांडणाऱ्या दोघांनाही फारशी लागत नाही. ती लागते तिसऱ्याच कोणाला तरी. आपल्या संघटनांनी याकडे वकिलांचं काम म्हणून पाहणं आता सोडायला हवं.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ खाली तात्पुरती मनाई देताना न्यायालय तीन गोष्टी बघतं. मागणाऱ्याची बाजू प्रथमदर्शनी खरी वाटते का? हुकूम दिला नाही तर त्याचं भरून न येणारं नुकसान होईल का? आणि सोय-गैरसोयीचं पारडं कोणाकडे झुकतं? मला अडायला होतं ते या तिसऱ्या प्रश्नापाशी. पारड्यात बसतात मालक आणि पालिका. न्यायालय सार्वजनिक हित बघतच नाही असं नाही. पण ते हित कोणीतरी कागदावर आणून ठेवलं पाहिजे ना! पालिकेच्या वकिलांच्या लेखी ते दोन शब्दांत संपतं.

मी काम करते त्या एका वस्तीत बायांच्या संडासासाठी पालिकेने जागा धरली होती. शेजारच्या मालकाने हद्दीचा वाद काढून दावा लावला आणि एकतर्फी मनाई मिळवली. त्याचं म्हणणं अगदीच खोटं होतं असंही नाही, मोजणीत खरोखरच गोंधळ होता. पण फेरमोजणीला चार वर्षं लागतात का? या चार वर्षांत पालिकेने आपलं म्हणणंसुद्धा दाखल केलं नाही. तिला घाई कशाला असेल? खर्च वाचला आणि ‘प्रकरण न्यायप्रविष्ट आहे’ हे तयार उत्तर हाताशी आलं. इकडे बाया उजाडायच्या आत नाल्याकडे जातात, दिवसभर पाणी पिणं टाळतात, मग लघवीची जळजळ घेऊन दवाखान्यात येतात. पाळीच्या दिवसांत मुली शाळा बुडवतात. भरून न येणारं नुकसान म्हणजे आणखी काय असतं? दाव्याच्या कागदांत यातली एक ओळही नाही.

कायद्यात तरतूद नाही असं म्हणायची सोय नाही. समोरच्याला न ऐकता मनाई दिली, तर त्या अर्जाचा निकाल तीस दिवसांत लावण्याचा प्रयत्न न्यायालयाने करावा आणि तसं जमलं नाही तर कारणं नोंदवावीत, असं आदेश ३९ चा नियम ३-अ सांगतो. नियम ४ खाली हुकूम रद्द करून किंवा बदलून मागता येतो. पण मागायचं कोणी? ज्याला हुकूम सोयीचाच पडला आहे, त्या पालिकेने!

यावर आपल्या बैठकांत कोणीतरी म्हणतं की सार्वजनिक कामावर मनाई मिळूच नये. मला हे मान्य नाही. १९८१ साली मुंबईच्या पदपथांवरची कुटुंबं हुसकून लावायला सरकार निघालं, तेव्हा न्यायालयाच्या अंतरिम हुकमांनीच अनेक चुली टिकल्या. १९८५ च्या ओल्गा टेलिस निकालात उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्कात धरला गेला. पदपथावर राहायचा हक्क मिळाला नाही, तरी पावसाळा सरेपर्यंत, ३१ ऑक्टोबरपर्यंत, झोपड्यांना हात लावायचा नाही असं ठरलं. आज गोष्ट उलटी होते आहे. २०१८ च्या दुरुस्तीनंतर स्पेसिफिक रिलीफ ॲक्टखाली पायाभूत प्रकल्पाला अडथळा किंवा विलंब होईल अशी मनाई देता येत नाही. या दाराबाहेर बिल्डर राहील तशी रस्त्यात शेत जाणारी एकटी बाईही राहील. बिल्डरला दुसरी दारं माहीत असतात.

म्हणून मनाई राहू द्यावी आणि पारड्यात आपण जाऊन बसावं, असं माझं मत आहे. आदेश १ नियम १० खाली दाव्यात सामील करून घ्या असा अर्ज वस्तीतल्या बायांना करता येतो. तो मंजूर होईलच असं नाही, पण त्यासोबत त्यांची प्रतिज्ञापत्रं न्यायालयापुढे जातात. पालिकेने म्हणणं कधी दाखल केलं, वकील किती तारखांना हजर होते, हे माहितीच्या अधिकारात विचारता येतं. ‘मिळून साऱ्याजणी’ने विद्या बाळ यांच्यामार्फत केलेल्या जनहित याचिकेत मुंबई उच्च न्यायालयाने डिसेंबर २०१५ मध्ये महापालिकांना स्त्रियांच्या स्वच्छतागृहांबाबत निर्देश दिले, तो निकाल अर्जाला जोडावा.

आमच्या वस्तीतल्या अकरा जणींनी असा अर्ज केला आहे. मालकाच्या वकिलांनी हरकत घेतली की या बायांचं जागेवर नाव नाही, त्यांचा संबंधच काय? त्यावर सुनावणी व्हायची आहे. फेरमोजणीची फी कोणी भरायची, याबद्दल पालिका आणि मालक यांचा पत्रव्यवहार अजून चालू आहे.