बाटलीवरचे बारीक अक्षर



मागे एका खरिपात पवनी तालुक्यातल्या एका गावाहून निरोप आला की पऱ्हाटीवर कोणता तरी नवाच रोग पडला आहे, येऊन बघून जा. आम्ही गेलो. तीन एकराचा तुकडा. खालची पाने चांगली हिरवी, रुंद. पण शेंड्याकडची सारी नवी पाने भेंडीच्या पानासारखी चिरलेली, अरुंद, लांब बोटांसारखी झालेली. शिरा एकमेकींना चिकटून पांढुरक्या दिसत होत्या, देठ पिळवटले होते, पाते पिवळे पडून गळत होते. शेतकऱ्याचे मत ठरलेले होते, बियाणे बोगस. तालुक्याच्या तक्रार समितीकडे त्याने अर्जही दिला होता. पाहणी झाली आणि बियाण्यात दोष नाही असा शेरा मारून कागद बंद झाला. तो शेरा खोटा नव्हता. त्याच लॉटचे बियाणे शेजारच्या धुऱ्यापलीकडे होते आणि तिथली पऱ्हाटी ठणठणीत उभी होती. पण बियाणे नाही तर मग काय, हे कोणी सांगितले नाही. ते सांगणे बहुधा समितीचे काम नसावे.

आम्ही तासातासाने फिरलो. एक गोष्ट ध्यानात आली. विहिरीकडच्या, म्हणजे फवारणीला जिथून सुरुवात केली त्या तासांत पाने सगळ्यात वाईट होती. पुढे पुढे बाधा कमी होत गेली आणि शेवटच्या तासांत जवळपास नव्हतीच. रोग असा पंपाच्या टाक्या मोजून पसरत नाही. विचारले, मावा-तुडतुड्याची फवारणी कोणत्या पंपाने केली? म्हणाला, भावाचा पंप आणला होता. भावाने तो कशाला वापरला होता? धानाच्या बांधीत, गवताला. बांधीच्या धुऱ्यावर रिकामी बाटली सापडली. पुढच्या बाजूला धानाच्या लोंबीचे रंगीत चित्र आणि बोटभर अक्षरात कंपनीने ठेवलेले नाव. मागच्या बाजूला, चष्मा लावूनही वाचायला कष्ट पडतील अशा अक्षरात, '२,४-डी इथाइल एस्टर ३८ टक्के ईसी'. भावाने पंप बोडीच्या पाण्याने तीनदा धुतला होता. तो खोटे बोलत नव्हता. तरी त्या दिवसापासून दोघा भावांचे बोलणे बंद झाले.

त्या बारीक अक्षरांचा अर्थ या दोघांपैकी एकालाही माहीत असता तर तीन एकर वाचले असते. म्हणून आज त्या नावाविषयीच लिहायचे आहे. कृषी पदवीच्या वर्षांत आम्हीही हे नाव परीक्षेपुरते पाठ केले होते. त्याचा अर्थ नंतर शेतात उभे राहिल्यावर कळला.

पूर्ण नाव आहे २,४-डायक्लोरोफेनॉक्सी ॲसेटिक ॲसिड. नाव लांब आहे म्हणून घाबरायचे कारण नाही. ते उलट्या बाजूने, शेपटीकडून वाचावे. 'ॲसेटिक ॲसिड' म्हणजे व्हिनेगारला आंबटपणा देणारे आम्ल, दोन कर्बांचे. ही झाली शेपटी. 'फेनॉक्सी' म्हणजे सहा कर्बांचे एक कडे, जे प्राणवायूच्या एका दुव्याने त्या शेपटीला जोडले आहे. 'डायक्लोरो' म्हणजे त्या कड्यावर क्लोरीनचे दोन अणू. आता ते कुठे बसले आहेत? कडे म्हणजे सहा घरांची गोल वस्ती समजा. ज्या घरातून शेपटी निघते ते पहिले घर. तिथून मोजत गेले की दुसऱ्या आणि चौथ्या घरात क्लोरीन आहे. हे झाले २,४. मधला स्वल्पविराम शोभेचा नाही. दोन आणि चार हे वेगवेगळे पत्ते आहेत असे तो सांगतो. आम्ही एका दुकानाच्या बिलावर 'चोवीस डी' असे वाचले आहे. लिहिणाऱ्याला आपण काय विकतो हे ठाऊक नव्हते, आणि घेणाऱ्याला आपण काय नेतो हे.

या पत्त्यांना किंमत किती? त्याच कड्यावर पाचव्या घरात आणखी एक क्लोरीन बसवला की २,४,५-टी होते. अमेरिकेने १९६०च्या दशकात व्हिएतनामच्या जंगलांवर जे 'एजंट ऑरेंज' विमानातून ओतले ते या दोघांचे निम्मे-निम्मे मिश्रण होते. तिथल्या माणसांच्या पिढ्या ज्या डायॉक्सिनने नासल्या ते २,४,५-टी बनवताना त्यात उतरणारे विष होते. म्हणजे एका घराचा फरक. अर्थात २,४-डी म्हणजे गंगाजल असे कोणी समजू नये. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ साली ते माणसाला 'कर्करोग होण्याची शक्यता' असलेल्या गटात घातले आहे.

आता मुख्य मुद्दा. हे विष तण जाळत नाही. झाडाच्या शेंड्यात स्वतःचे एक संप्रेरक असते, त्याला ऑक्सिन म्हणतात. कोणत्या पेशीने किती लांबायचे, मूळ कुठे फुटायचे, पात्याने देठ कधी सोडायचा हे ते ठरवते. निसर्गातल्या या ऑक्सिनचे नाव इंडोल ॲसेटिक ॲसिड. शेपटी पुन्हा तीच, ॲसेटिक ॲसिडची. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात इंग्लंड-अमेरिकेच्या प्रयोगशाळांत या संप्रेरकाच्या नकला तयार झाल्या, त्यातली एक २,४-डी. झाड आपले ऑक्सिन काम झाले की मोडून टाकते. ही नक्कल त्याला लवकर मोडता येत नाही. हुकूम देणारा थांबतच नाही, म्हणून झाड वेडेवाकडे वाढत वाढत मरते. गवतवर्गी पिके, म्हणजे ज्वारी, धान, गहू, ठराविक वयात हे सोसतात. रुंद पानांची झाडे सोसत नाहीत. आणि रुंद पानांत कपाशीइतके हळवे पीक क्वचितच असेल. तणासाठी लागणाऱ्या मात्रेचा हजारावा हिस्साही तिच्या नव्या पानांवर दिसतो. पंपाच्या रबरी नळीत आणि वॉशरमध्ये राहिलेले तेलकट थेंब त्याला पुरतात. बोडीच्या पाण्याने ते निघत नाहीत.

आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी कपाशी आणि ज्वारी दोन्ही आहेत, आणि खरा धोका इथेच आहे. ज्वारीत टारफुला माजला की त्याच्यावर २,४-डीची शिफारस आहे, आणि ती चुकीची नाही. पण ज्वारीच्या ओळीत तूर असेल तर तूर गेली. वारा कपाशीकडे असेल तर कपाशी गेली. वारा नसला आणि पंप तोच असला तरी गेली.

नावाच्या पुढचे शब्दही वाचायला हवेत. बाजारात हे तीन रूपांत मिळते. सोडियम क्षार ८० टक्के, ही भुकटी. अमाइन क्षार ५८ टक्के, हा पाण्यात विरघळणारा द्रव. आणि इथाइल एस्टर ३८ टक्के, हा तेलकट, पाण्यात टाकला की दुधी होणारा. टक्के बघून ३८ वाला सौम्य आणि ८० वाला जहाल असे आपण समजतो. शेजाऱ्याच्या कपाशीच्या दृष्टीने नेमके उलटे आहे. एस्टर उन्हात वाफ होऊन उडतो. फवारणी संपून माणूस घरी जेवायला बसला तरी वाफ धुरा ओलांडत असते. कपाशीच्या गावात एस्टर विकूच नये असे आमचे मत आहे, आणि ते आम्ही दुकानदारांच्या तोंडावर सांगत आलो आहोत.

आता याच नावाची दुसरी बाजू बघा. काटोल, वरुड, मोर्शीकडचे संत्रा बागाईतदार फळगळ थांबवायला हेच २,४-डी वापरतात. १०० लिटर पाण्यात दीड ग्रॅम. म्हणजे १५ पीपीएम, दहा लाख भागांत पंधरा भाग. तणासाठी हेक्टरी किलोभर, ५०० लिटर पाण्यात. म्हणजे लिटरला दोन ग्रॅम, २००० पीपीएम. एकशे तीसपटीहून जास्त. एका मात्रेला फळ देठाला धरून ठेवणारे, दुसऱ्या मात्रेला झाड मारणारे, वस्तू एकच. मग तिला औषध म्हणायचे की विष? आपल्या भाषेत फवारायच्या सगळ्याच वस्तूंना औषध म्हणायची सवय पडली आहे, आणि ही सवय विकणाऱ्यांच्या सोयीची आहे.

कपाशीत पाते-फुले गळू लागली की आपण दुकानात जाऊन 'गळ थांबवायचे टॉनिक द्या' म्हणतो. शिफारस असते ती एनएएची, पूर्ण नाव अल्फा नॅप्थिल ॲसेटिक ॲसिड. शेपटी ओळखलीत? हेही बनावट ऑक्सिनच, २,४-डीचे चुलत भावंड, पण याचे कडे वेगळे म्हणून स्वभाव मवाळ. मात्रा २० पीपीएम. ४.५ टक्क्यांची बाटली असेल तर १० लिटरला साडेचार मिली, १५ लिटरच्या पंपाला सात मिलीच्याही किंचित कमी. पण आपण मापतो झाकणाने. २५ मिलीचे झाकण भरून ओतले की मात्रा जवळजवळ चौपट. जास्त मात्रेचे ऑक्सिन झाडात इथिलिन वाढवते, आणि इथिलिन गळ घडवते. सफरचंदाच्या बागांत कोवळी फळे विरळ करायला हेच एनएए वापरतात, आणि पुढे तोडणीआधीची गळ थांबवायलाही हेच. 'टॉनिकने काही फरक पडला नाही, उलट जास्तच गळले' अशी तक्रार घेऊन कोणी आले की आम्ही आधी विचारतो, झाकण केवढे होते?

आणखी एक घोळ अलीकडचा. ज्याला आपण चोरबीटी म्हणतो ते बियाणे 'तणनाशक सहन करते' असे ऐकून काही जणांनी त्यावर हाताला लागेल ते तणनाशक मारले. त्या बियाण्याची सहनशक्ती ग्लायफोसेट या एका रसायनापुरती आहे. २,४-डी सोसणारी कपाशी अमेरिकेत निराळी काढलेली आहे, ती ही नव्हे. बियाण्याला परवानगी असावी की नसावी हा वाद आपण स्वतंत्रपणे घालू. पण कोणत्या रसायनाला सहनशील, हे नाव विचारल्याशिवाय 'सहनशील' या शब्दाला काही अर्थ नाही.

आमचे काही कृषी पदवीधर मित्र म्हणतात, शेतकऱ्याला रासायनिक नावे काय करायची, त्याला चित्र आणि माप सांगा. आम्हाला हे मान्य नाही. अठरा-सेहेचाळीस म्हणजे काय हे गावातला कोणता शेतकरी सांगू शकत नाही? दहा-छब्बीस-छब्बीस त्याला कळते. सीएसएच-५ आणि सीएसएच-९ यांच्यातला फरक कणसाकडे पाहून आपल्या वडिलांनी सांगितला. आकड्यांची आणि नावांची भाषा शेतकऱ्याला जड जात नाही. ती त्याच्यासमोर मोठ्या अक्षरात ठेवली जात नाही, एवढेच. खताच्या पोत्यावर आकडा मोठा छापतात, कारण तो विकला जातो. विषाच्या बाटलीवर कंपनीचे नाव विकले जाते, म्हणून ते मोठे. एकच रसायन निरनिराळ्या नावांनी मिळते, आणि एका दुकानात संपले की 'त्याच्यासारखेच दुसरे' हातात पडते. त्याच्यासारखे कशात, झाकणाच्या रंगात?

कायदा नाही असेही नाही. कीटकनाशक कायदा १९६८चा, त्याचे नियम १९७१चे, तणनाशके त्यातच येतात. माहितीपत्रक हिंदी, इंग्रजी आणि प्रादेशिक भाषेत द्यावे असे नियमात आहे. बाटलीवरचा लाल, पिवळा, निळा, हिरवा त्रिकोणही त्याच नियमातला. पण तो त्रिकोण माणसाला असलेला धोका सांगतो, पिकाला असलेला नाही. हिरवा असो की निळा, कपाशीला काय होईल हे त्यात नसते. आणि माणसाच्या धोक्याचे तरी किती जणांनी वाचले? २०१७च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारताना विषबाधा होऊन वीस-बावीस माणसे गेली. त्यात मजूर होते, ज्यांच्या हातात मालकाने थेट पंप दिला. बाटली त्यांनी पाहिलीही नसेल.

आमचे मागणे असे आहे. रासायनिक नाव मराठीत, कंपनीच्या नावापेक्षा मोठ्या अक्षरात, बाटलीच्या पुढच्या बाजूला छापा. आणि २,४-डीच्या प्रत्येक बाटलीवर त्याच बाजूला लिहा, 'कपाशी, तूर, सोयाबीन, भाजीपाल्यावर चालत नाही. या पंपाने दुसरी फवारणी करू नका.' असे छापायला फार शाई लागत नाही.

ते होईपर्यंत आपल्या हातात आहे ते आपण करू. दुकानात कंपनीचे नाव सांगून मागू नका, रसायनाचे नाव सांगा. पक्के बिल घ्या आणि त्यावर रसायनाचे नाव, टक्के व लॉट नंबर लिहून घ्या. तक्रार करायची वेळ आली तर हाच कागद कामाचा. तणनाशकाचा पंप वेगळा ठेवा, त्याला लाल रंग फासा, आणि कोणी मागायला आला तर आधी विचारा, कशावर मारणार? ज्याला दुसरा पंप परवडत नाही त्याने निदान धुण्याच्या सोड्याचे पाणी भरून, नळी आणि नोझलसकट, रात्रभर ठेवावे, सकाळी चारपाच वेळा खंगाळावे आणि पहिली टाकी कपाशीवर न मारता ज्वारीवर मारावी. तरी पूर्ण खात्री आम्ही देणार नाही. बाधा दिसलीच तर घाईने पऱ्हाटी उपटू नका. थोडी बाधा असेल तर पंधरा-वीस दिवसांत नवी पालवी नीट येऊ लागते. वाट बघून मग ठरवा.

पवनीच्या त्या शेतात शेवटच्या तासांची पऱ्हाटी सावरली, विहिरीकडची नाही. भावाभावांना एकत्र बसवून बाटली मध्ये ठेवली आणि वर लिहिले ते सारे सांगितले. धाकटा बराच वेळ बाटली उलटीसुलटी करत राहिला. मग म्हणाला, "हे दुकानात कोणी सांगितलं असतं तर मी पंप दिला असता का?"

भंडाऱ्याच्या पुढच्या जिल्हा बैठकीला येताना प्रत्येकाने घरातल्या, गोठ्यातल्या, धुऱ्यावरच्या रिकाम्या बाटल्यांची लेबले सोडवून आणावीत. बाटल्या नकोत, फक्त लेबले. बैठकीच्या आधी तासभर बसून ती आपण एकेक करून वाचणार आहोत.