लहरा कोणी धरायचा?

जॅझ-फंक म्हणजे काय, हे आपल्या वर्ध्याकडच्या भजनी मंडळातल्या माणसाला समजावणं अवघड नाही. तबल्याचा सोलो रंगात आलेला असतो आणि पेटीवाला एकच सुरावट न कंटाळता घोळवत बसलेला असतो. तो लहरा. लहरा पक्का असला की तबलजीनं कुठंही भटकावं, समेवर घरी यावं. १९७३ साली अमेरिकेत हर्बी हॅनकॉकची ‘हेड हंटर्स’ ही तबकडी आली. तिच्यातल्या ‘कमेलिअन’ या पंधरा मिनिटांच्या रचनेत लहऱ्याचं काम सिंथेसायझरवरचा बास करतो. त्याच्या जिवावर बाकीची मंडळी मनसोक्त उंडारतात. जॅझची मोकळीक आणि फंकचा ठेका असा तो मामला. पुढे हिपहॉपवाल्यांनी या तबकडीतले तुकडे उचलून आपली गाणी उभी केली.

मला आज सांगायचं आहे ते मात्र आपल्या घरच्या तबकडीबद्दल. तिचं नाव ‘उस्फ्रेट’. सीएमपी या जर्मन कंपनीनं ती १९८८ साली काढली. वादक त्रिलोक गुर्टू, जन्म मुंबईचा, १९५१चा. आणि गायला त्यांची आई, ठुमरी-दादऱ्याच्या शोभा गुर्टू. बेळगावात जन्मलेल्या शोभाताईंच्या आई मेनकाबाई शिरोडकर अल्लादिया खाँसाहेबांच्या शिष्या. अशा घरातली, साठी ओलांडलेली बाई बास गिटार आणि ड्रमच्या दणक्यात गाते. साथीला स्वीडनचे बासवादक योनास हेलबोर्ग, अमेरिकेचे डॉन चेरी आणि राल्फ टाउनर, ‘शक्ती’ या फ्युजन गटातले व्हायोलिनवादक एल. शंकर. एका रचनेचं नावच ‘शोभारॉक’!

मंडळात खंजेरी वाजवणाऱ्या, देवळीकडच्या एका काकांना मी ही तबकडी फोनवर ऐकवली. वाद्यांची नावं सांगायला लागलो, तर त्यांनी हातानंच गप्प केलं. मांडीवर ठेका धरला, दोनदा चुकला, तिसऱ्यांदा सापडला. मग म्हणाले, “भाऊ, हे बाई ठेक्याले पुसत नाही. ठेकाच बाईले पुसून राह्यला.”

इतकी नेमकी समीक्षा मी कुठं वाचलेली नाही. फ्युजन म्हटलं की आपल्याकडे बहुधा गिटारवाल्यांच्या गाण्यावर तबला कोथिंबिरीसारखा भुरभुरतात. इथं उलटं आहे. शोभाताई आपली ठुमरीची चाल सोडत नाहीत. शब्द रेंगाळवायचा तिथं रेंगाळवतात, लयीला ताण द्यायचा तिथं देतात. जुळवून घ्यायचं ते बाकीच्यांनी. लहरा जणू त्यांच्या गळ्यानंच धरलेला असतो.

आणि मुलगा तरी किती खटपटी! तबला वाजवायचा तर खाली बसायला हवं, ड्रमसेट वाजवायचा तर स्टुलावर. त्रिलोक गुर्टूंनी दोन्हींच्या मधली बैठक काढली. ते गुडघ्यावर अर्धवट टेकून बसतात, म्हणजे तबला आणि झांजा दोन्ही हाताशी. शेजारी पाण्यानं भरलेली बादली. वाजवलेली झांज ते बादलीत बुडवतात आणि तिचा सूर वाकत खाली घसरतो. धातूच्या कंपनाला पाण्याचं ओझं झालं की ते मंदावतं, म्हणून हे होतं. घरातली काशाची थाळी दोरीला टांगून ठोका आणि हळूच पाण्यात सोडा. मींड ऐकू येईल.

‘उस्फ्रेट’ निघाली तेव्हा युरोपातल्या जॅझवाल्यांपलीकडे तिचा फारसा गाजावाजा झाला नाही. पण ती वादकांनी ऐकली. १९९०च्या दशकात लंडनमध्ये ‘एशियन अंडरग्राउंड’ नावाची लाट आली. तबला आणि यंत्राचा ठेका एकत्र नांदवणारी ही दक्षिण आशियाई घरांतली पोरं. त्यांच्यातल्या तबलावादक तलवीन सिंग यांच्या ‘ओके’ला १९९९ साली ब्रिटनचा मर्क्युरी पुरस्कार मिळाला. या पिढीच्या प्रेरणांमध्ये ‘उस्फ्रेट’चं नाव घेतलं जातं. खपाचा आकडा आणि प्रभाव यांची गल्लत करू नये ती अशी.

शोभाताई २००४ साली गेल्या. आपल्याकडे त्यांची आठवण निघते ती ठुमरीच्या मैफिलीत, फार तर ‘मैं तुलसी तेरे आंगन की’तल्या गाण्यामुळे. ‘उस्फ्रेट’चं नाव त्यात क्वचितच येतं. आपल्या शास्त्रीय मंडळींना ती बाटलेली वाटत असावी आणि इंग्रजी गाणी ऐकणाऱ्यांना जुनी. दोघांनीही एकदा ती ऐकावी. आपल्या वराती-मिरवणुकांत कीबोर्ड आणि धुमाल एकत्र वाजवणाऱ्या पोरांनी तर नक्कीच. नव्या वाद्यांना घाबरायचं कारण नाही, इतका धडा ती देते. फक्त ती आणण्याआधी आपल्यातलं कोण लहरा धरणार, हे ठरलेलं असावं.