काळा-पिवळा मूड

भाचीला बंगळुरूला नोकरी लागली. कॉलेज सोडता सोडता कॉलेजातच एक कार्यशाळा झाली. टेबलावर रंगीत कार्डं. पिवळं म्हणजे आनंद, निळं म्हणजे दुःख, लाल म्हणजे राग. आपला मूड ओळखून एकच उचलायचं. हिला नोकरीचा आनंद, घर सुटणार म्हणून पोटात गोळा, आणि जिवलग मैत्रीण अजून बेकार म्हणून चोरट्यासारखं वाटणं. हिने तीन कार्डं उचलली. "अगं, नीट विचार कर, एकच!" बाई म्हणाल्या. माझं डोकं फिरलं ते इथे.

रंगांशी माझं भांडण नाही. रॉबर्ट प्लुचिक या मानसशास्त्रज्ञाने १९८० साली भावनांचं रंगीत चक्र मांडलं, त्यात मिश्रणंही दिली: आनंद आणि विश्वास मिळून प्रेम. आपल्या नाट्यशास्त्रात करुण रस कबुतरी, रौद्र तांबडा, भयानक काळा, अद्भुत पिवळा. शिवाय ३३ संचारी भाव ये-जा करायला मोकळे. एकाच कार्डाची सक्ती कुणी केली, कोण जाणे.

तंजावरावर घसरायला मला निमित्त लागत नाही; मिसळलेल्या भावनांवरून तिकडचीच एक कथा आठवली. कुंभकोणमजवळचं तिरुविसनल्लूर हे गाव तंजावरचे राजे व्यंकोजी यांचे चिरंजीव शहाजीराजे यांनी १६९३ साली पंडितांना इनाम दिलं. तिथल्या श्रीधर अय्यावाळांची कथा अशी, की वडिलांच्या श्राद्धाचं अन्न त्यांनी दारी आलेल्या भुकेल्या अंत्यजाला वाढलं. ब्रह्मवृंद बिथरला: आधी गंगास्नान, मग श्राद्ध! काशी कुठे, कावेरीकाठ कुठे! अय्यावाळांनी गंगेची स्तुती केली आणि परसातली विहीरच उसळली. पाणी अंगणातून गल्लीत, गल्लीतून घराघरांत. कालचे फणकारणारे हात जोडून उभे: महाराज, आवरा!

आता या मंडळींपुढे कार्डं मांडा. शरमेने मान खाली, घर बुडतंय म्हणून जीव मुठीत, आणि गंगा दारात आली म्हणून धन्यही! भीतीचा काळा, नवलाचा पिवळा: थेट मुंबईची टॅक्सी. शरमेला वेगळा रंग शोधावा लागेल. पण आधी एक भावना निवडा, मग स्नान करा, असं त्यांना कुणी म्हटल्याचं कथेत नाही. विशी-बाविशीच्या पोरांनाही तेवढी सवलत द्या की!

त्या विहिरीवर आजही तमिळ कार्तिकातल्या अमावास्येला हजारो लोक स्नानाला येतात. जाणार असाल तर पहाटेच गाठा, आणि कोरडे कपडे बरोबर न्या.