वाटणीच्या दाव्यातली शेवटची ओळ

वाटणीचा कुठलाही दावा उघडून बघा. सगळ्या मागण्या लिहून झाल्या की अगदी शेवटी एक ओळ असते. न्यायालयाला योग्य वाटेल ती अन्य दादही मिळावी, अशा अर्थाची. वकील ती सवयीने घालतात आणि पक्षकार तिच्याकडे बघतही नाहीत. खरं तर ती लिहिली नाही तरी चालतं. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने कोर्टाला तो अधिकार दिलेलाच आहे. मला मात्र ती अख्ख्या दाव्यातली सगळ्यात शहाणी ओळ वाटते.

कारण भाऊबंदकीत माणसं जे मागतात ते पुष्कळदा देण्यासारखं नसतंच!

शेताचं एक वेळ जमतं. तुकडेबंदीचा कायदा सांभाळून जमीन सरसनिरस मानाने वाटता येते, विहीर सामाईक ठेवून पाण्याच्या पाळ्या लावता येतात. पण सहाशे चौरस फुटांच्या फ्लॅटचं काय करणार? चार भावंडं असली तर प्रत्येकी दीडशे फूट. एकाला स्वयंपाकघर, एकाला बाल्कनी... आणि मोरी कोणाला? हसू नका. माजघराच्या मधोमध भिंत घातलेले वाडे आपण सगळ्यांनीच पाहिले आहेत. त्यात धड राहता येत नाही आणि विकायला काढले तर गिऱ्हाईक फिरकत नाही.

अशा घरांसाठी आपल्याकडे १८९३ चा वाटणी कायदा आहे. निम्मा किंवा त्याहून जास्त हिस्सा असलेल्यांनी, एकट्याने किंवा मिळून, मागणी केली आणि तुकडे करण्यापेक्षा विकून पैसे वाटणं सगळ्यांच्या हिताचं आहे असं कोर्टाला वाटलं, तर कोर्ट विक्रीचा हुकूम देऊ शकतं. पण त्याआधी बाकीच्या हिस्सेदारांना एक संधी मिळते. विक्री मागणाऱ्याचा हिस्सा, कोर्ट ठरवेल त्या किमतीला, ते स्वतः विकत घेऊ शकतात. दोघांना हवा असेल तर त्या किमतीच्या वर जो जास्त देईल त्याला. कोणीच पुढे आलं नाही तर लिलाव. त्यातही हिस्सेदाराला बोली लावता येते, आणि आपल्या वाट्याची रक्कम वळती करून घेण्याची मुभा कोर्ट त्याला देऊ शकतं. म्हणजे चौथा हिस्सा असलेल्या बहिणीला ऐंशी लाखांचं घर घ्यायचं असेल तर साठ लाखच उभे करायचे. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या कायद्याने एवढा बारीक विचार केला आहे याचं मला कौतुक वाटतं.

यावर नेहमीचा आक्षेप म्हणजे, "वडिलांच्या घराची किंमत पैशात कशी करणार?" भावना खरी आहे, नाही म्हणत नाही. पण हे वाक्य बहुतेक वेळा घरात राहणाऱ्याच्याच तोंडी असतं. बाहेर राहणाऱ्याने त्या भावनेपायी आपला हिस्सा वर्षानुवर्षं अडकवून ठेवायचा. आणि बाहेर राहणारी बहुधा बहीण असते. हक्कसोड पत्रावर सही केलीस तर माहेर राहील, हेही तिलाच सांगितलं जातं. कायदाही पूर्वी तसाच होता. हिंदू वारसा कायद्याच्या कलम २३ प्रमाणे कुटुंब राहत असलेल्या घरात मुलीला हिस्सा होता, पण पुरुष वारस वाटणी करायचं ठरवत नाहीत तोवर तिला ती मागता येत नव्हती. १९५६ पासून २००५ पर्यंत हे चाललं! ते कलम गेलं. आता घर तोडता येत नसेल तर तिला तिच्या वाट्याचे पैसे मिळणं हाच तिचा हक्क खरा होण्याचा मार्ग आहे, असं मला ठामपणे वाटतं.

अर्थात यात एक मोठा धोका आहे. विटांच्या बदल्यात पैसे म्हटलं की सगळं मोजमापावर येतं. दहा वर्षांपूर्वीच्या भावाने आज रक्कम हातात ठेवली तर ती दाद कसली, ती तर सरळ लूट झाली. म्हणून किंमत पैसे हातात पडण्याच्या दिवसाच्या जवळची हवी, आणि ते भरायची मुदत पक्की हवी. वाटणीच्या दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो, मग अंतिम. या दोहोंच्या मधे पिढी संपते. सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये आणि पुन्हा २०२२ मध्ये बजावलं आहे की प्राथमिक हुकूमनाम्यानंतर कोर्टांनी नव्या अर्जाची वाट बघत बसू नये, काम पुढे न्यावं. हे मनावर घेतलं गेलं तर निम्मं दुखणं कमी होईल.

उरलेलं निम्मं आपल्या हातात आहे. वकिलाकडे गेल्यावर "माझी खोली मला हवी" म्हणण्याआधी स्वतःला विचारावं, मला नक्की काय हवंय? राहायला जागा, म्हातारपणाला आधार, की फक्त भावाला धडा? पहिल्या दोन गोष्टी कोर्ट घराऐवजी पैसे देऊनही पुरवू शकतं. तिसरीसाठी मात्र कुठल्याच कायद्यात दाद नाही, आणि नाही तेच बरं.